पाइन आयलंड हिमनदी: बर्फ जमीन सोडतो ती रेषा

१९८१ साली टेरेन्स ह्यूज यांनी एक छोटा लेख लिहिला. पश्चिम अंटार्क्टिकाच्या हिमस्तराची दुबळी बाजू म्हणजे पाइन आयलंड आणि थ्वेट्स या दोन हिमनद्या, असं त्यांचं म्हणणं. तिथला खडक समुद्रपातळीच्या खाली आहे, आणि आत जावं तसा तो आणखी खोल जातो. बर्फ एकदा मागे सरकू लागला की त्याला थोपवणार कोण? तर्क सरळ होता. पण पुरावा कुठून आणायचा? हिवाळाभर अंधार, एरवी ढग, आणि जवळपास माणसाचं ठाणं नाही.

जुलै १९९१ मध्ये युरोपने ईआरएस-१ हा उपग्रह सोडला. रडारला अंधार-ढगांची अडचण नसते, हे आपण जाणतोच. खरी गंमत पुढे आहे. एकाच कक्षेतून काही दिवसांच्या अंतराने दोन प्रतिमा घेतल्या आणि परतलेल्या लहरी ताडून पाहिल्या, तर पृष्ठभाग काही मिलिमीटर हलला तरी कळतं.

आता धक्क्याला बांधलेली होडी आठवू या. भरतीला होडी उचलली जाते, धक्का जागचा हलत नाही. हिमनदीचंही तसंच: तिचं तरंगतं टोक वरखाली होतं, खडकावर टेकलेला भाग होत नाही. पण बर्फ पुढेही वाहतो ना? वाहतो, मात्र त्याचा वेग दिवसेंदिवस जवळपास तोच असतो. भरती रोज वेगळी. म्हणून प्रतिमांच्या दोन जोड्यांची वजाबाकी केली की वाहणं निघून जातं आणि उरतं ते भरतीचं हलणं. ते जिथे सुरू होतं, तिथे बर्फाने जमीन सोडलेली असते.

एरिक रिग्नो यांनी हीच रेषा १९९२ आणि १९९६ च्या प्रतिमांत शोधली. १९९८ मध्ये त्यांनी जाहीर केलं: ती वर्षाला सुमारे १.२ किलोमीटर आत सरकते आहे. चार वर्षांच्या मोजणीवर एवढं बोलावं का, ही शंका तेव्हा रास्तच होती.

तिचं उत्तर एका म्हाताऱ्या उपग्रहाने दिलं. ईआरएस-२ एरवी ३५ दिवसांनी त्याच जागी परतायचा. तेवढ्यात बर्फाचा पृष्ठभाग इतका बदलतो की लहरी जुळत नाहीत. निवृत्तीआधी, २०११ मध्ये, त्याला तीन दिवसांच्या फेरीवर आणलं. मिळालेल्या प्रतिमा १९९२ च्या प्रतिमांशी ताडल्या, तर हिमनदीच्या मध्यभागी ती रेषा ३१ किलोमीटर मागे गेली होती. ईआरएस-२ स्वतः फेब्रुवारी २०२४ मध्ये पॅसिफिकवर जळून पडला.