पसरणीचे शाहीर आणि त्यांचा विनोद

पाचगणीहून वाईला जाताना घाट संपला की पसरणी गाव लागते. शाहीर कृष्णराव साबळे यांचा जन्म ३ सप्टेंबर १९२३ रोजी याच गावी झाला. राजा बढे यांचे, श्रीनिवास खळे यांनी चाल दिलेले ‘जय जय महाराष्ट्र माझा’ हे गीत त्यांच्या खड्या आवाजाने घरोघर पोचले आणि २०२३ साली त्याला राज्यगीताचा मान मिळाला. त्यामुळे साबळे म्हटले की आपल्याला ते गीतच आठवते. परंतु या माणसाने आयुष्याची कितीतरी वर्षे लोकांना पोटभर हसविण्यात घालविली, ही गोष्ट मागे पडत चालली आहे. मंडळाच्या भगिनींपुढे आज मुद्दाम तीच बाजू मांडावयाची आहे.

वडील माळकरी, भजनात रमणारे. कृष्णा शिक्षणासाठी अमळनेरला आजोळी गेला. पण आजीला गाण्याचे वेड मुळीच पसंत नव्हते. तेथेच साने गुरुजींचा सहवास लाभला आणि शाळेपेक्षा त्याचाच ठसा खोल उमटला. पुढे पसरणीचे भैरवनाथाचे देऊळ हरिजन बांधवांना खुले करण्यात या तरुणाने पुढाकार घेतला. त्या प्रसंगी साने गुरुजी आणि सेनापती बापट गावी आले होते. गावात राहून गावाच्या रूढीशी झगडणे सोपे नसते, हे खेड्यात नांदलेल्या बाईला वेगळे सांगावयास नको.

तमाशात गण, गौळण, बतावणी आणि वग अशी रचना असते. बतावणीत सोंगाड्या समोरच्या माणसाला, प्रसंगी खुद्द पाटलालाही, टोला हाणून जातो आणि कोणी रागावत नाही. परंतु तमाशाचा फड म्हटला की घरंदाज बायकांना तेथे मज्जाव. साबळ्यांनी तमाशाची ही सोंगे, हा हजरजबाबीपणा आणि ही ढोलकी घेतली; चावट भाग वगळला; आणि जे उभे केले त्याला मुक्तनाट्य हे नाव रूढ झाले. सासू, सून, नातवंडे एका ओळीत बसून खळखळून हसू शकतील असा तमाशा! माझ्या मते त्यांचे मोठे काम हेच.

‘इंद्राच्या दरबारात तमासगीर’, ‘यमराज्यात एक रात्र’ (१९६०), ‘आबुरावाचं लगीन’, ‘कोंडू हवालदार’, ‘बापाचा बाप’ ही नुसती नावे वाचली तरी हसू फुटते. दरबार इंद्राचा की यमाचा, त्याला महत्त्व नाही. टोला मात्र आपल्याच राज्यकारभाराला. लेखन, चाली, दिग्दर्शन, गाणे आणि अभिनय अशी सारी अंगे साबळे सांभाळीत. सोबतीला राजा मयेकरांसारखा कसलेला विनोदी नट असे. १९६६ साली ‘आंधळं दळतंय’ आले. जात्यावर बसलेल्या बाईला या म्हणीचा उत्तरार्ध ठाऊक असतो: कुत्रं पीठ खातं. मुंबईत राबणाऱ्या मराठी माणसाच्या हाती काही लागत नाही, हे दुःख त्यांनी विनोदातून मांडले. शिवसेना त्याच वर्षी स्थापन झाली, आणि तिच्या आरंभीच्या दिवसांशी या नाट्याचे नाव आजही जोडले जाते. हसता हसता माणसे विचारात पडली, ती अशी.

एकनाथांचे ‘विंचू चावला’ हे भारूड त्यांनी गायिले, त्यातही हेच आहे. गाणारा तळमळतो आणि ऐकणारा हसतो. अर्थ कळतो तो मागाहून.

आता एक गोष्ट स्पष्टच लिहिते. साबळ्यांनी गायिलेल्या पुष्कळ गीतांच्या पाठीमागे त्यांच्या पहिल्या पत्नी भानुमती यांची लेखणी होती. त्या स्वतः कवयित्री होत्या. पुढे दोघांचे मार्ग वेगळे झाले. कारणांत शिरण्याचा आपल्याला अधिकार नाही. परंतु आवाज शाहिरांचा म्हणून सारे श्रेयही शाहिरांचे, असा हिशेब आपण श्रोत्यांनीच करून टाकला. गाणे ऐकताना ते लिहिले कोणी, हे किती जणी विचारतात?

उतारवयातही साबळे स्वस्थ बसले नाहीत. ‘महाराष्ट्राची लोकधारा’ या कार्यक्रमातून त्यांनी कोळीगीते, जागर, गोंधळ, भारुडे शहरातील रंगमंचावर आणली. भरत जाधव, अंकुश चौधरी ही आज प्रसिद्ध असलेली मुले तेथेच तयार झाली. १९९८ साली पद्मश्री मिळाली. ‘माझा पवाडा’ हे आत्मचरित्रही त्यांनी लिहिले. २० मार्च २०१५ रोजी, एक्क्याण्णवाव्या वर्षी, मुंबईत त्यांचे निधन झाले.

जन्मशताब्दीच्या वर्षी, एप्रिल २०२३ मध्ये, नातू केदार शिंदे यांनी ‘महाराष्ट्र शाहीर’ हा चित्रपट काढला. शाहिरांची भूमिका लोकधारेतल्याच अंकुश चौधरींनी केली. भानुमतींची भूमिका त्यांच्या पणतीने, सना शिंदे हिने केली.