पूर्व आफ्रिकेचें एकत्र कुटुंब

एकत्र कुटुंबांत मिळकत सामाईक असली, तरी उपभोग विषम झाला म्हणजे वांटणी फार दूर राहत नाहीं. शेजारी राष्ट्रांच्या आर्थिक संघासही हाच न्याय लागू पडतो, असें पूर्व आफ्रिकेच्या इतिहासावरून आम्हांस दिसतें.

केनिया, युगांडा व टांझानिया यांच्या रेल्वे, बंदरें, टपाल व विमानसेवा यांचा सामाईक कारभार ब्रिटिश अमदानींतच जडला होता. स्वातंत्र्यानंतर १९६७ सालीं तिघांनीं तह करून त्यावर पूर्व आफ्रिकी संघ उभारला. परंतु कारखाने बहुतेक केनियांत होते. इतर दोघांस आपल्या नव्या धंद्यांच्या रक्षणार्थ केनियाच्या मालावर कर बसविण्याची मुभा होती. तरी व्यापाराचें पारडें केनियाकडेच झुकलेलें राहिलें. त्यांत १९७१ सालीं युगांडांत इदी अमीन यानें सत्ता बळकावली. टांझानियाचे अध्यक्ष न्येरेरे त्याच्याशेजारीं बसेनात. आणि तिन्ही राष्ट्राध्यक्षांचें जें मंडळ संघाचें शिरस्थान, तेंच भरेनासें झालें. १९७७ सालीं संघ मोडला. मालमत्तेची वांटणी ठरावयास १९८४ साल उजाडलें.

पुढें १९९९ सालीं त्याच तिघांनीं अरुशा येथें नवा तह केला. पहिला संघ कां मोडला, हें त्याच्या प्रस्तावनेंतच नमूद आहे: राजकीय इच्छाबलाचा अभाव, जनतेचा अल्प सहभाग, लाभाची विषम वांटणी. २००५ सालीं जकातसंघ सुरू झाला, तेव्हां शेजाऱ्यांचा माल केनियांत तत्काळ करमुक्त झाला. केनियाच्या कांहीं मालावरील कर मात्र पांच वर्षांत क्रमाक्रमानें उतरविण्याचें ठरलें. दुबळ्या भागीदारास दिलेला हा अवधि आम्हांस मोठ्या शहाणपणाचा वाटतो.