काँगला लागलेली कात्री

आमच्याकडच्या आज्या वाघोबाची गोष्ट सांगताना वाघाचे दात काढून ठेवीत नसत. म्हणून तर भोपळ्यात बसलेली म्हातारी रानातून सुखरूप निसटली, की अंथरुणातल्या पोरांचा जीव भांड्यात पडे! अमेरिकेतल्या एका जगप्रसिद्ध जंगलपटाचे दात मात्र एकदा खरोखरच काढले गेले, आणि ते परत बसवायला तीस वर्षांहून अधिक काळ लागला. फराळाचे ताट समोर आहे, मुलेबाळे भोवती आहेत. तेव्हा वाचकहो, त्या ‘किंग काँग’ची ही हकिकत ऐकायला हरकत नाही.

मेरियन कूपर आणि अर्नेस्ट शूडसॅक या जोडीचा हा बोलपट मार्च १९३३ मध्ये न्यूयॉर्कला झळकला. चित्रपट काढण्यासाठी काही मंडळी एका अज्ञात बेटावर जातात. तिथल्या अरण्यातला अजस्र वानर त्यांच्यातल्या नटीवर लुब्ध होतो. माणसे त्याला साखळदंडांनी बांधून शहरात आणतात, तमाशा मांडतात. आणि शेवटी एम्पायर स्टेट बिल्डिंगच्या माथ्यावर विमानांच्या गोळ्यांनी तो कोसळतो. एवढीच कथा. पण मौज अशी, की हा अजस्र वानर म्हणजे बहुतेक दृश्यांत जेमतेम दीड फुटी बाहुला होता! आत धातूचा सांगाडा, त्यावर रबर आणि वर सशाची कातडी. विलिस ओब्रायन नावाचा कसबी माणूस तो बाहुला केसभर हलवी, एक चित्र घेई, पुन्हा केसभर हलवी. पडद्यावरच्या एका सेकंदाला अशी चोवीस चित्रे लागत. यावरून त्या माणसाच्या चिकाटीची कल्पना करावी.

चित्रपटात काय दाखवावे आणि काय दाखवू नये, याची एक नियमावली हॉलिवूडच्या धंदेवाल्यांनी १९३० सालीच केली होती. पण तिचा अंमल खरा कडक झाला तो १९३४ पासून. त्यामुळे १९३८ मध्ये ‘किंग काँग’ पुन्हा पडद्यावर आणायचे ठरले तेव्हा त्याला कात्री लागली. काँग नटीचे कपडे कुतूहलाने ओरबाडतो, ते गेले. तो बेटावरल्या माणसांना दातांखाली धरतो, पायांखाली चिरडतो, ते गेले. न्यूयॉर्कमध्ये झोपलेल्या एका बाईला खिडकीतून ओढून, ही आपली नव्हे असे दिसताच तो तिला रस्त्यावर सोडून देतो, तेही गेले.

उरला तो पुष्कळच सोज्वळ काँग. पुढे तीसेक वर्षे लोकांनी पाहिला, लहानपणी घाबरून आणि मोठेपणी हळहळून ज्याच्यावर प्रेम केले, तो हाच. मग १९६९ च्या सुमारास फिलाडेल्फियात सोळा मिलिमीटरची एक जुनी प्रत सापडली. तिच्यात कापलेले तुकडे शाबूत होते. ते जोडून चित्रपट पुन्हा शंभर मिनिटांचा झाला. पुढे १९८०च्या दशकात इंग्लंडमध्ये अधिक चांगली प्रत हाती लागली, आणि जगभर शोध घेऊन २००५ मध्ये त्याची नवी, स्वच्छ आवृत्ती तयार झाली. दुर्दैव एवढेच, की ओब्रायन १९६२ मध्येच वारला होता. आपल्या हातचे काम परत जोडलेले त्याला पाहायला मिळाले नाही.

कोणी विचारील, त्या दोनचार क्रूर तुकड्यांवाचून काय अडले होते? माझ्या मते पुष्कळ अडले होते. गरीब गायीसारखा वानर मेला, तर त्याची कीव कोणालाही येईल. त्यात मोठेसे काही नाही. पण ज्याने निरपराध बाईला डोळ्यांदेखत खाली टाकले, त्याच काँगला छातीवरचे रक्त बोटाने चाचपताना पाहून आपला गळा दाटतो, तेव्हा आपण स्वतःशीच चकित होतो. ही दया स्वस्त नाही. कात्रीने ती स्वस्त केली होती. शिवाय, बेटावरच्या काळ्या माणसांकडे त्या काळचे चित्रपटवाले किती तुच्छतेने पाहत, तेही पूर्ण प्रत पाहताना स्पष्ट दिसते. कात्रीने रक्त पुसले, तुच्छता तशीच ठेवली! जुना चित्रपट पुरता पाहावा तो याही साठी.

मात्र जे जे कापले गेले ते सगळे परत जोडावे, असेही नव्हे. ओंडक्यावरून दरीत कोसळलेल्या खलाशांवर तळाशी भयंकर किडे-कोळी तुटून पडतात, असा एक प्रसंग मुळात होता. तो कूपरनेच काढला, कारण त्याने कथा अडखळत होती. ती फीत आज हरवलेली आहे. पीटर जॅक्सनने २००५ मध्ये जुनी रेखाचित्रे, छायाचित्रे पाहून तो प्रसंग हौसेने नव्याने रचला; पण मूळ चित्रपटात घुसडला नाही, वेगळाच ठेवला. हा विवेक मला फार आवडला. कर्त्याने स्वतः खोडलेली ओळ वेगळी आणि परक्याने फाडलेले पान वेगळे.

आपल्याकडे तर कात्रीपेक्षा वाळवी आणि आग यांनीच अधिक घात केला. पुण्यात १९६४ साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघेपर्यंत किती मूकपट मातीमोल झाले! दादासाहेब फाळक्यांच्या १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’चा आज थोडाच भाग उरला आहे. म्हणून एक सांगणे. दिवाळीच्या झाडलोटीत कोणाच्या माळ्यावर गंजका, गोल पत्र्याचा डबा निघाला, तर तो भंगारवाल्याला देऊ नका, जाणत्याला दाखवा. फक्त पणत्यांपासून दूर ठेवा, कारण जुनी फिल्म फटाक्यासारखी पेट घेते.