‘बीच’ आणि करंज : एका वृक्षनामाच्या स्थलांतराचा विचार

वृक्षांची नावे ही भाषेतील सर्वांत स्थिर शब्दसंपत्ती होय, असा एक समज भाषाभ्यासकांत दीर्घकाळ रूढ होता. झाड जागचे हलत नाही, म्हणून त्याचे नावही हलत नसावे, असे या समजाच्या मुळाशी असलेले अनुमान दिसते. प्रत्यक्षात माणसे हलतात आणि जाताना झाडांची नावे बरोबर नेतात. नव्या भूमीत ते झाड नसेल, तर नावापुढे दोनच मार्ग उरतात. एक तर ते विस्मृतीत जाते, किंवा एखाद्या परक्या झाडावर जाऊन बसते. आपल्याकडील करंज या वृक्षास इंग्रजीत ‘इंडियन बीच’, म्हणजे ‘हिंदी बीच’, असे म्हणतात. हे नाव या दुसऱ्या प्रकाराचे चांगले उदाहरण आहे. त्याचा मागोवा घेतला असता वृक्षनामांवरून इतिहास रचणाऱ्याने कोठे थांबावे, याविषयी काही निश्चित बोध होतो. प्रस्तुत लेखाचा हेतू तेवढाच आहे.

१. बीच : वृक्ष आणि त्याचे प्रकार

शास्त्रीय परिभाषेत ‘फॅगस’ या नावाने ओळखली जाणारी ही प्रजाती उत्तर गोलार्धाच्या समशीतोष्ण पट्ट्यातील आहे. ओक आणि चेस्टनट यांच्याच कुलात तिचा समावेश होतो. तिच्या दहा-बारा जाती मानल्या जातात. युरोपातील सामान्य बीच, कॉकेशस, तुर्कस्तान व उत्तर इराण येथील पौर्वात्य बीच, उत्तर अमेरिकेतील मोठ्या पानांचा बीच, जपानात ‘बुना’ म्हणून ओळखला जाणारा बीच आणि चीनमधील काही जाती, ही त्यांतील प्रमुख होत. भारतात यांपैकी एकही जात नैसर्गिकरीत्या आढळत नाही. हिमालयात ओक आहे, भूर्ज आहे, परंतु बीच नाही. पुढील विवेचनासाठी ही गोष्ट महत्त्वाची आहे.

राखी, गुळगुळीत साल, दाट छाया आणि शरद ऋतूत तांबूस होणारी पाने ही या वृक्षाची लक्षणे होत. युरोपीय उद्यानकारांनी सामान्य बीचपासूनच अनेक शोभिवंत प्रकार जोपासले. जांभळट-तांबड्या पानांचा ताम्रवर्णी बीच, फांद्या भूमीकडे लोंबणारा बीच, नेच्यासारख्या कातरलेल्या पानांचा बीच आणि स्तंभाप्रमाणे सरळ वाढणारा बीच हे त्यांतील प्रसिद्ध प्रकार आहेत. कुंपण म्हणून छाटीत राहिल्यास हे झाड हिवाळ्यातही वाळलेली पाने धरून ठेवते, आणि त्यामुळे आडोसा टिकतो. स्कॉटलंडमधील मीकलोर येथे १७४५ साली लावलेले बीचचे कुंपण आज सुमारे ३० मीटर उंच असून अर्ध्या किलोमीटरहून अधिक लांब आहे. बीचची मुळे उथळ असतात. त्यास थंड, ओलसर परंतु पाण्याचा निचरा होणारी भूमी लागते, आणि चुनखडीची जमीन त्यास विशेष मानवते. उन्हाळ्यात ज्या नागपुरात तापमान ४५ अंशांपलीकडे जाते आणि जेथील काळी माती पावसात फुगते व उन्हात भेगाळते, तेथे हा वृक्ष जोपासण्याचा विचार कोणी करणार नाही. परंतु नाव मात्र येथवर आले.

२. मूलस्थानाचा वाद

एकोणिसाव्या शतकात इंडो-युरोपीय भाषांचे मूलस्थान शोधण्याच्या प्रयत्नात ‘बीच’ या शब्दास असाधारण महत्त्व प्राप्त झाले. इंग्रजी ‘बीच’, जर्मन ‘बुखऽ’, लॅटिन ‘फागुस’ आणि ग्रीक ‘फेगोस’ हे शब्द ध्वनिनियमांनुसार एकाच मूळ शब्दाकडे जातात. म्हणजे मूळ भाषेत तो शब्द होता. शब्द होता म्हणजे झाड होते. आणि बीच तर आजच्या कालिनिनग्राडपासून ओडेसापर्यंत ओढलेल्या रेषेच्या पूर्वेस सामान्यतः आढळत नाही. तेव्हा मूलस्थान त्या रेषेच्या पश्चिमेस असले पाहिजे, असा हा युक्तिवाद. जर्मन विद्वानांनी त्यास ‘बीचचा युक्तिवाद’ असेच नाव दिले. पाउल थीमे यांनी १९५४ मध्येही त्याचा आधार घेतला होता.

या साखळीतील प्रत्येक कडी सैल आहे. ग्रीक ‘फेगोस’ याचा अर्थ बीच नव्हेच. तो खाण्याजोगी फळे देणाऱ्या एका ओकचा वाचक आहे. बीच हा उत्तरेकडील पर्वतांत राहिला, लोक दक्षिणेस उतरले आणि नाव ओककडे गेले, असे याचे स्पष्टीकरण देतात. परंतु मग आधी कोण, ओक की बीच, हे केवळ शब्दावरून कसे ठरवावयाचे? दुसरे असे की, भारत-इराणी शाखेत या शब्दाचा सर्वमान्य वंशज मिळत नाही. तिसरे, कॉकेशसमध्ये पौर्वात्य बीच आहे. त्यामुळे ती रेषा वाटते तितकी निर्णायक ठरत नाही. चौथे, भूस्तरांतील परागकणांच्या अभ्यासावरून असे दिसते की हिमयुगानंतर मध्य व वायव्य युरोपात बीच बराच उशिरा आणि हळूहळू पसरला. म्हणजे आजची त्याची सीमा पाच-सहा सहस्र वर्षांपूर्वी लागू करणे अनैतिहासिक होय. पॉल फ्रीड्रिख यांनी १९७० मध्ये इंडो-युरोपीय वृक्षनामांचा स्वतंत्र अभ्यास प्रसिद्ध केला. पुढे २०१५ पासून प्राचीन जनुकीय पुराव्यांमुळे काळ्या समुद्राच्या उत्तरेकडील गवताळ प्रदेशाचा पक्ष बळावला. आज केवळ बीचच्या आधारावर कोणी मूलस्थान ठरवीत नाही.

याच संदर्भात ‘भूर्ज’ हा शब्द तुलनेसाठी घ्यावा. संस्कृत ‘भूर्ज’, इंग्रजी ‘बर्च’, जर्मन ‘बिर्कऽ’, रशियन ‘बेर्योझा’ आणि लिथुएनियन ‘बेर्झास’ हे सगोत्र शब्द असून त्या सर्वांचा अर्थही एकच आहे. याचे कारण उघड आहे. ज्या ज्या भूमीत हे लोक गेले, तेथे, अगदी हिमालयातही, ते झाड पुन्हा भेटले. जेथे ते क्वचितच भेटले, त्या इटलीत त्याच शब्दाचे ‘फ्राक्सिनुस’ होऊन तो ॲश वृक्षाचा वाचक बनला. प्राचीन इंग्रजीत बीच आणि ग्रंथ या दोहोंस ‘बोक’ हा एकच शब्द आढळतो. त्यावरून बीचच्या फळ्यांवर अक्षरे कोरीत असत, असे परंपरेने सांगितले जाते, जरी ही व्युत्पत्ती सर्वांना मान्य नाही. आपल्याकडे भूर्जाच्या सालीवर ग्रंथ लिहिले जात, ही गोष्ट मात्र हस्तलिखितांनीच सिद्ध केली आहे. अर्थात शब्द टिकतो तो वृक्षाच्या आधारावर. वृक्ष सुटला की शब्दाचा अर्थही सुटतो.

३. ‘हिंदी बीच’

अर्वाचीन काळात इंग्रजी भाषक जगभर पसरले, तेव्हा हीच क्रिया पुन्हा घडली. आणि या वेळी ती आपल्या डोळ्यांसमोर घडली. न्यूझीलंड, ऑस्ट्रेलिया व दक्षिण अमेरिकेतील ज्या वृक्षांस ‘दक्षिणी बीच’ म्हणतात, ते बीचचे दूरचे आप्त असून आता त्यांचे कुल स्वतंत्र मानले जाते. ऑस्ट्रेलियातील ‘श्वेत बीच’ तर बीचच्या जवळपासही नाही. तो आपल्या शिवणीच्या प्रजातीतील आहे. भारतात हे नाव करंजावर बसले. करंज हा शिंबावंतांच्या, म्हणजे वाटाणा, पळस व शिसव यांच्या कुलातील. बीचशी त्याचे नाते नाही. साम्य आहे ते दर्शनी: राखट, गुळगुळीतशी साल, तकतकीत हिरवी पाने, पालवीचा तांबूस रंग आणि दाट, पसरट छाया. मायदेशाची छाया आठवणाऱ्यास एवढे साम्य पुरेसे होते.

याउलट वावळ्यास इंग्रजीत ‘हिंदी एल्म’ म्हणतात, आणि वावळा खरोखरीच एल्मच्या कुलातील आहे. दोन्ही नावांची घडण एक. पैकी एक नाते सांगते, दुसरे केवळ आठवण सांगते. नावाच्या रूपावरून या दोहोंतील भेद कळणे शक्य नाही. वृक्ष पाहिल्यावाचून तो कळत नाही, आणि वृक्ष पाहण्याची सोय असल्यामुळेच आपण हा भेद करू शकतो. पाच सहस्र वर्षांपूर्वीच्या ‘फेगोस’विषयी ती सोय नाही, हे बीचच्या युक्तिवादाचे खरे वैगुण्य होय.

करंजाचे शास्त्रीय नाव ‘पोंगॅमिया’ हे मात्र देशी आहे. डच अधिकारी व्हॅन ऱ्हीड याने १६७८ ते १६९३ या काळात प्रसिद्ध केलेल्या ‘हॉर्टस मलबारिकस’ या बारा खंडी ग्रंथात हा वृक्ष ‘पोंगम’ या मलबारी नावाने आला आहे. या ग्रंथाच्या सिद्धतेत इट्टी अच्युतन या मल्याळी वैद्याबरोबर रंगभट, विनायक पंडित व अप्पूभट या तीन कोंकणीभाषक वैद्यांचा भाग होता. त्यांचे प्रशस्तिपत्र नागरी लिपीत आहे. तमिळ ‘पुंगु’, जुने कन्नड ‘पोंगे’ आणि आजचे कन्नड ‘होंगे’ यांतील ‘प’चा ‘ह’ हा कन्नडमधील नियमित ध्वनिविकार आहे. तेलुगू ‘कानुग’ या मालिकेहून वेगळा दिसतो. म्हणजे ज्या वृक्षास इंग्रजीने उसने नाव दिले, त्यास भारतीय भाषांनी निदान तीन स्वतंत्र नावे फार पूर्वी दिली होती.

४. करंजाची नावे आणि विदर्भातील साक्ष

संस्कृत कोशपरंपरेत करंज, करज, नक्तमाल आणि चिरबिल्व ही नावे एकत्र येतात. आयुर्वेदीय ग्रंथांत मात्र दोन करंजांचा जोडीने उल्लेख असून परंपरा त्यांतील एक नक्तमाल, म्हणजे आपला करंज, आणि दुसरा पूतिकरंज अथवा चिरबिल्व मानते. हा दुसरा म्हणजे वावळा, असे बहुतेक अभ्यासक समजतात. त्याच्या चुरगळलेल्या पानांस येणारा उग्र वास ‘पूति’ या विशेषणास अनुरूप आहे. काटेरी वेलीवर येणारा सागरगोटा हा आणखी एक, ‘कंटकी करंज’. बीचचे प्रकार वनस्पतिशास्त्राने एका प्रजातीत बसविले आहेत. करंजाचे हे प्रकार गुणांवरून व उपयोगावरून पडलेले आहेत. ते निराळ्या कुलांतील आहेत म्हणून वैद्यांचे वर्गीकरण चुकीचे ठरत नाही. त्याची कसोटी निराळी आहे.

मराठीत या शब्दाने घरातही प्रवेश केला. करंजाची चपटी, अर्धचंद्राकृती शेंग आणि सणाची करंजी यांचा आकार शेजारी ठेवला असता नावाचे नाते निराळे सांगावे लागत नाही.

विदर्भापुरते पाहिल्यास दोन साक्षी विशेष मोलाच्या आहेत. रघुवंशाच्या पाचव्या सर्गात इंदुमतीच्या स्वयंवरासाठी विदर्भाकडे निघालेल्या अजाचा तळ नर्मदेच्या तीरावर पडतो. तेथे कालिदासाने जलकणांनी आर्द्र झालेल्या वाऱ्यावर डोलणारे वृक्ष सांगितले आहेत, ते नक्तमालच. करंज हा स्वभावतःच नदीनाल्यांच्या काठी रुजणारा वृक्ष आहे. तेव्हा हे वर्णन केवळ संकेताने आलेले नसून भूमीशी जुळणारे आहे. दुसरी साक्ष ताम्रपटाची. वाकाटक नृपती द्वितीय प्रवरसेन याच्या, सिवनी येथे मिळालेल्या पाचव्या शतकातील ताम्रपटात दान दिलेल्या गावाचे स्थान सांगताना ‘करंजविरक’ या तटाचा निर्देश असून शेजारच्या गावांत ‘वटपूरक’ व ‘किणिहिखेटक’ ही नावे येतात. तिन्ही नावांत वनस्पती आहे, आणि करंज येथेही काठावरच आहे. काव्य आणि दानपत्र ही दोन स्वतंत्र साधने परस्परांस पुष्टी देतात, आणि आजचा वृक्ष त्या दोहोंस दुजोरा देतो.

तथापि जी सावधगिरी बीचविषयी, तीच येथेही पाळली पाहिजे. ऋग्वेदात ‘करंज’ हे इंद्राच्या एका शत्रूचे नाव आहे. त्यावरून तेथे वृक्ष कल्पिता येत नाही. वाशीम जिल्ह्यातील कारंजा हे नृसिंहसरस्वतींचे जन्मस्थान. तेथील परंपरा गावाचे नाव करंज ऋषींशी जोडते. वर्धा जिल्ह्यातही एक कारंजा आहे. या नावांतील पहिला स्वर दीर्घ आहे, वृक्षनामातील ऱ्हस्व. हे दीर्घत्व संस्कृत तद्धिताने आले, की पाण्याच्या ‘कारंजे’ या शब्दाच्या सादृश्याने, याचा निर्णय जुन्या लेखांतील रूपे पाहूनच करावा लागेल. केवळ ध्वनिसाम्यावर गावाभोवती करंजाचे वन उभे करणे म्हणजे पुन्हा तीच चूक करणे होय.

५. निष्कर्ष

या विवेचनाचे व्यावहारिक फल दुहेरी आहे. पहिले कोशकार व भाषांतरकार यांच्यासाठी. स्वातंत्र्याच्या सुमारास आणि त्यानंतर काही वर्षे डॉ. रघुवीर यांचे परिभाषानिर्मितीचे कार्य नागपुरातून चालले होते. परक्या वस्तूस देशी नाव द्यावे, हा विचार या शहरास नवा नाही. परंतु ‘हिंदी बीच म्हणजे करंज’ या कोशार्थाचा उलट उपयोग करून युरोपीय ग्रंथातील बीचच्या जागी करंज घालणे अयुक्त आहे. व्हर्जिलच्या पहिल्या गोपगीतातील मेंढपाळ ‘फागुस’च्या छायेत पहुडला आहे, त्यास करंजाखाली नेल्यास छाया मिळेल, पण इटली हरवेल. तेथे ‘बीच’ हाच शब्द ठेवणे प्रामाणिकपणाचे.

दुसरे फल वृक्षारोपण करणाऱ्यांसाठी. १९५० साली सुरू झालेल्या वनमहोत्सवापासून झाडे लावण्याचा उत्साह आपल्याकडे आहे, परंतु निवड पुष्कळदा दिसण्यावर होते. बीचची छाया हवी असणाऱ्यास करंज जवळ आहे. ताजे बी सरळ रुजते. झाड काळ्या मातीत व नाल्याकाठी तग धरते. मुळांच्या गाठींमुळे भूमीस नत्र मिळते. बियांचे तेल दिव्यास व त्वचारोगांवर वापरीत आले आहेत, आणि पेंड खत म्हणून शेतात जाते. पानगळ वसंतात होते व थोडक्यात आटोपते. ऊन चढेपर्यंत नवी पालवी दाट झालेली असते. थंड देशातील बीच नेमक्या उलट ऋतूसाठी घडलेला आहे.

‘हिंदी बीच’ या नावावरून बीचविषयी काहीच कळत नाही, करंजाविषयी थोडे कळते, आणि नाव देणाऱ्यांविषयी सर्वांत अधिक कळते. वृक्षनामाची साक्ष ग्राह्य धरावी, परंतु ती मुख्यतः नाव वाहून नेणाऱ्या माणसांविषयीची साक्ष आहे, हे ध्यानात ठेवून. वृक्षाविषयी विचारावयाचे असल्यास वृक्ष, भूमी आणि लेख या तिघांस एकत्र विचारावे लागते. सिवनीचा ताम्रपट, नर्मदेचा तीर आणि नाल्याकाठचा करंज हे तिघे विदर्भात अजून एकाच उत्तरावर येतात. बीचच्या युक्तिवादास ही जोड कधीच लाभली नाही.