पाठीमागचं बुखारेस्ट

प्यात्सा उनीरीच्या कारंज्यांपाशी गाईड सगळ्यांची तोंडं पश्चिमेला वळवतो आणि म्हणतो, "तो पाहा." लांबलचक रस्त्याच्या टोकाला रोमानियाचा कम्युनिस्ट हुकूमशहा चाउशेस्कू याचा महाल बसलेला आहे. 84 मीटर उंच, 3,65,000 चौरस मीटर, हजारावर खोल्या. लगेच मोबाइल वर होतात. कम्युनिस्ट बुखारेस्टची ओळख करून देणाऱ्या पायी सहलींमध्ये सगळ्यात जास्त फोटो इथे निघतात. तुम्हीही काढा, हरकत नाही. मग गटाच्या जरा मागे रेंगाळा आणि उजव्या हाताला उंच इमारतींची जी सलग भिंत उभी आहे, तिच्यात बोळ सापडेल तिथे आत शिरा.

बोळ संपतो तिथे साल 1985 आहे.

पायाखाली चिखल. मागे वळून पाहिलंत तर मघाच्या इमारती नाहीत, पायासाठी खणलेले खड्डे आहेत. समोरची टेकडी म्हणजे उरानुस. कालपरवापर्यंत इथे चढउताराच्या गल्ल्या होत्या, बागा असलेली जुनी घरं होती. 4 मार्च 1977 च्या भूकंपात रोमानियात दीड हजारांवर माणसं दगावली, त्यातली बहुतेक याच शहरातली. चाउशेस्कूने 1971 मध्ये उत्तर कोरियात प्योंगयांग पाहिलं होतं, तसं शहर त्याला हवं होतंच. भूकंपाने त्याला पाडापाडीचं निमित्त दिलं. सुमारे 40,000 लोकांना घरं सोडावी लागली. फ्लॅटमध्ये कुत्रं कुठे न्यायचं, म्हणून ती मागेच राहिली. तुमच्या पायांत घुटमळणारं हे दांडगं पांढरं कुत्रं त्यांतलंच एक. पुढे कित्येक वर्षं बुखारेस्ट भटक्या कुत्र्यांसाठी बदनाम होणार आहे, त्याची सुरुवात इथे आहे.

आता जरा डावीकडे बघा. एक चर्च रुळांवर उभं आहे.

हे मिहाई वोदा, सोळाव्या शतकाच्या शेवटी बांधलेलं. भोवतालच्या मठाच्या इमारती गेल्या. चर्च आणि घंटाघर तेवढं वाचायचं आहे. युजेनियु योर्दाकेस्कू नावाच्या इंजिनिअरने त्याची रीत बसवली. भिंतींच्या खालून खणत जायचं, सगळ्या वास्तूखाली काँक्रीटचा मजबूत तळ ओतायचा, मग ती मूळ पायापासून कापून वेगळी करायची, जॅकवर उचलायची आणि रुळांवरून हळूहळू सरकवायची. ट्रेमध्ये भरलेले ग्लास न सांडता नेणारा वेटर पाहून ही कल्पना सुचली, असं ते सांगत. मिहाई वोदा 289 मीटर सरकणार आहे आणि सहा मीटरहून अधिक खाली उतरणार आहे. मग त्याच्यापुढे त्या उंच इमारती उभ्या राहतील आणि रस्त्यावरून ते दिसेनासं होईल.

म्हटलं तर हे वाचवणं, म्हटलं तर लपवणं. हुकूमशहाच्या डोळ्यांना सलणारी गोष्ट इतक्या कौशल्याने बाजूला करून देणं म्हणजे त्याचंच काम सोपं करणं नव्हे का, असा प्रश्न तुमच्या मनात येईल. माझ्याही आला. पण याच काळात अठराव्या शतकातला वकरेश्तचा भव्य मठ सरळ जमीनदोस्त झाला. त्याच्यासाठी कोणी रूळ टाकले नाहीत. त्या हिशेबात मी योर्दाकेस्कूंच्या बाजूने आहे. त्यांनी डझनभर चर्च अशी हलवली. 1987 मध्ये अल्बा यूलिया शहरात तर राहती इमारत मधोमध कापून तिचे दोन भाग लांब नेले, तेही माणसं आत असताना.

भूक लागली असेल. 1985 च्याच हिवाळ्यात या. पहाटेचा अंधार, रस्त्यावरचे बहुतेक दिवे बंद, आणि दुकानासमोर रांग. प्रत्येकाच्या खिशात घडी केलेली पिशवी. काही मिळालंच तर असावी म्हणून. तुम्ही पुढच्या आजींना विचारता, "ही रांग कशाची?" आजी तुमच्याकडे पाहतात, तुमच्या बुटांकडे पाहतात आणि मान फिरवतात. राग मानू नका. परदेशी माणसाशी बोलणं झालं तर चोवीस तासांच्या आत कळवायचा कायदा आहे. न कळवावं तर रांगेतलं दुसरं कोणी सेक्युरिताते या गुप्त पोलिसांना कळवेल. शिवाय कशाची रांग हे आजींनाही ठाऊक असेलच असं नाही. आधी उभं राहायचं, माल आला की कळतं.

आज डुकराचे पाय आलेत. लोक त्यांना 'देशभक्त' म्हणतात, कारण बाकीचं डुक्कर निर्यात होतं, देशात राहतात ते एवढेच. विनोद फार हळू आवाजात केला जातो, पण केला जातो. चाउशेस्कूने 10 अब्ज डॉलरहून अधिक परदेशी कर्ज फेडायला काढलंय आणि त्यासाठी पिकेल ते बाहेर जातंय. जनतेला कमी का खायला मिळतं, त्यावर सरकारचं उत्तर तयार आहे: शास्त्रीय आहाराचा कार्यक्रम. रोमानियन माणूस म्हणे फार खातो. एप्रिल 1989 मध्ये कर्ज फिटल्याची घोषणा होईल, आणि रांगा तशाच राहतील.

आता वर चला, एखाद्या फ्लॅटमध्ये. परदेशी पाहुणा घरी उतरवायला बंदी आहे, पण आपल्याला दार वाजवायची गरज नाही. स्वयंपाकघरात बाई कोट घालून उभी आहे. दिवसा गॅसची ज्योत निळा ठिपका होऊन राहते, म्हणून रात्री दाब वाढला की ती शिजवायला घेते. एवढ्यात दिवे जातात. आठवडाभर हे चालूच असतं. आले की बाहेरच्या खोलीत टीव्ही लागतो. आठ ते दहा, दोनच तास, आणि त्यातही बराच वेळ चाउशेस्कू दांपत्य. कपाटावर टाइपरायटर आहे. 1983 पासून त्याची पोलिसांकडे नोंद करावी लागते, अक्षरांचा नमुना द्यावा लागतो. ड्रॉवरमध्ये केंट सिगारेटचं न फोडलेलं पाकीट. ते ओढायला नाही, डॉक्टरला द्यायला आहे.

या बाईबद्दल आणखी एक गोष्ट सहलींमध्ये घाईने उरकली जाते, कारण बोट दाखवायला तिची इमारत नाही. 1966 च्या 770 क्रमांकाच्या हुकुमाने गर्भपातावर जवळजवळ सरसकट बंदी आली. गर्भनिरोधकंही मिळेनाशी झाली. कारखान्यांत बायकांच्या तपासण्या होत, कोणाला दिवस गेलेत ते पाहायला. चोरून केलेल्या गर्भपातांत सुमारे 10,000 बायका मेल्या. मला विचाराल तर या राजवटीचा सगळ्यात मोठा गुन्हा हा आहे, तो महाल नव्हे. राजवट पडल्यावर नव्या सरकारने अगदी पहिल्या निर्णयांत, 26 डिसेंबर 1989 ला, हा हुकूम रद्द केला.

त्याआधीचे पाच दिवस तुम्हाला कदाचित ठाऊक असतील, तरी 21 डिसेंबरच्या दुपारी कम्युनिस्ट पक्षाच्या मध्यवर्ती समितीच्या इमारतीसमोर उभे राहाच. तुम्हाला कारखान्यातून आणलंय, हातात फलक दिलाय. सज्जात चाउशेस्कू बोलतोय. तिमिशोआरा शहरात गोळीबार झाल्याचं सगळ्यांनी दबक्या आवाजात ऐकलंय. अचानक गर्दीतून एक विचित्र आवाज उठतो, किंकाळी की हुर्यो ते कळत नाही, आणि सज्जातला म्हातारा थांबतो. हात वर करतो. "अलो! अलो!" म्हणतो, फोन कट झाल्यासारखं. थेट प्रक्षेपण सुरू आहे. सगळ्या देशाने त्याचा बावरलेला चेहरा पाहिलाय. मग तो पगारवाढ जाहीर करतो. उशीर झालाय. दुसऱ्या दिवशी याच छतावरून हेलिकॉप्टर त्याला घेऊन उडतं आणि 25 तारखेला तर्गोविश्तेत नवराबायको दोघांना गोळ्या घातल्या जातात. क्रांतीत हजाराहून अधिक माणसं मेली, त्यातली बहुतेक तो पळाल्यानंतर.

त्या महालात तो एक दिवसही राहिला नाही. आज तिथे संसद आहे, आत जायला पासपोर्ट दाखवावा लागतो. आत संगमरवर आहे, झुंबरं आहेत, गालिचे आहेत. तासाभरात कंटाळा येतो. सहल ठरवताना पन्नाशी ओलांडलेला गाईड मिळतो का, ते मात्र जरूर बघा. आणि मिळाला तर त्याला महालाच्या खोल्या किती, हे विचारू नका. 1985 च्या हिवाळ्यात तुमची आई किती वाजता रांगेत जाऊन उभी राहायची, ते विचारा.