पोथीच्या आतलं काश्मीर

वितस्तेच्या घाटावर तुम्ही उतरता तेव्हा इसवी सनाचं दहावं शतक निम्म्यावर आलेलं असतं. नदीला डोंगरातल्या बर्फाचं पाणी आहे, पायरीवर पाय टेकताच पोटऱ्यांपर्यंत कळ जाते. शहराला कुणी प्रवरपुर म्हणतं, कुणी नुसतंच अधिष्ठान, म्हणजे राजधानी. गादीवर यशस्करदेव आहे. ९३९ साली ब्राह्मणांच्या सभेनं बरीच खलबतं करून त्याला निवडलं, आणि आता घाटावर कपडे धुताना, होडी बांधताना लोक त्याच्या न्यायनिवाड्याच्या गोष्टी एकमेकांना सांगताहेत. ऐकायला छान आहेत, पण तुम्ही एका ग्रंथासाठी आला आहात.

नदीपासून थोडं आत, एका माडीवर एक माणूस भूर्जपत्रावर लिहीत बसला आहे. भूर्जाच्या झाडाची आतली साल, पापुद्र्यावर पापुद्रा, घासून गुळगुळीत केलेली. शाई बदामाच्या टरफलांच्या कोळशाची, गोमूत्रात उकळलेली. पान पाण्यात बुडवलं तरी ती जात नाही. अक्षरं शारदा लिपीतली. त्याचं नाव काळाच्या ओघात हरवणार आहे. पुढे लोक हा ग्रंथ वाल्मीकींच्या नावावर लावतील आणि त्याला योगवासिष्ठ म्हणतील. लिहिणारा त्याला ‘मोक्षोपाय’ म्हणतो. सुमारे तीस हजार श्लोक, आणि चौकट एकच: वसिष्ठ बोलताहेत, राम ऐकतो आहे.

त्याच्या खांद्यावरून तुम्ही दोन ओळी वाचता, आणि माडी निघून जाते.

तुम्ही एका अंतःपुरात उभे आहात. राजा पद्म गेला आहे. त्याचं शरीर फुलांखाली झाकलं आहे. राणी लीलेनं सरस्वतीकडून आधीच वर मागून ठेवला होता, की नवऱ्याचा जीव या खोलीबाहेर जाऊ नये. आता ती देवीला हाक मारते आणि विचारते, कुठे आहे तो? देवी म्हणते, इथेच. चल, दाखवते.

इतर कथांत लोकांतर करायला विमान लागतं, रथ लागतो, नाहीतर गरुड. इथे दोघी आहेत तिथेच देह ठेवून निघतात आणि तुम्ही त्यांच्या मागोमाग. मेघ खाली राहतात, मग तारे, मग ब्रह्मांडाचं कवच, आणि त्यापलीकडे अशीच अगणित ब्रह्मांडं. एका ब्रह्मांडात शिरून तुम्ही पोचता ते एका डोंगराळ गावातल्या ब्राह्मणाच्या घरी. घरात रडारड चालली आहे. वसिष्ठ नावाचा ब्राह्मण आणि त्याची बायको अरुंधती, दोघंही गेली आहेत. जिवंत असताना त्यानं एकदा एका राजाची मिरवणूक पाहिली होती आणि मनात आलं होतं, असं आपल्यालाही मिळावं.

देवी लीलेला सांगते, तो ब्राह्मण म्हणजे पद्म, आणि ती अरुंधती म्हणजे तू. तुमचं सगळं राज्य या घरातल्या पोकळीत आहे. ब्राह्मण जाऊन आज आठवा दिवस.

आठ दिवसांत पद्म जन्मला, वाढला, राज्य करून मेला. एवढंच नाही, त्याचाच जीव आता तिसऱ्या एका जगात विदूरथ राजा होऊन सत्तर वर्षांचा झाला आहे आणि त्याला आपलं बालपण, आपले आजोबा, सगळं आठवतं. लीला भांडते, एवढं मोठं राज्य एवढ्याशा घरात मावेल कसं? तुमच्याही ओठांवर हेच होतं. स्वप्नात पर्वत दिसतो तेव्हा उशीजवळ जागा किती लागते, असं देवीचं उत्तर आहे, आणि त्यावर लीलेला काही बोलता येत नाही.

माझ्या मनात मात्र या कथेतला सगळ्यात खोल उतरतो तो पुढचा क्षण. घरात ज्येष्ठशर्मा आहे, ब्राह्मणाचा थोरला मुलगा. म्हणजे लीलेचाच, मागच्या जन्मातला. तो समोर आलेल्या दोन स्त्रियांना वनदेवता समजून नमस्कार करतो. तुम्ही वाट पाहता, आता ती आईच्या रूपात प्रकट होईल. ती होत नाही. फक्त त्याच्या डोक्यावर हात ठेवते, आणि त्याचं दुःख सरतं. इथे ऐकणाऱ्या रामालाही राहवत नाही. तो विचारतो, तिनं मुलाला आईचं रूप का दाखवलं नाही? तीस हजार श्लोकांच्या तत्त्वज्ञानात हा प्रश्न लिहून ठेवणाऱ्या माणसाबद्दल मला अपार माया वाटते. उत्तर कठोर आहे. जिला जग म्हणजे मनाचा खेळ हे कळलं, तिच्यात ‘हा माझा मुलगा’ ही गाठ उरलेली नाही. तरी हात ठेवायला ती विसरत नाही.

माडीवर परत या आणि खिडकीतून उत्तरेकडे पाहा. तो उंचवटा म्हणजे प्रद्युम्नशिखर, आजचा हरी पर्वत. लेखणी थांबवून लिहिणाराही तिकडेच पाहतो आहे, कारण आता तो स्वतःच्या शहराला पोथीत ओढून घेणार आहे.

कथा आहे दाम, व्याल आणि कट यांची. शंबर असुरानं मायेनं घडवलेले हे तीन योद्धे. त्यांना ‘मी’ ठाऊक नव्हता, म्हणून भीतीही नव्हती, आणि देव त्यांच्यापुढे टिकेनात. ब्रह्मदेवानं सल्ला दिला: लढा, पळा, पुन्हा लढा, म्हणजे हळूहळू त्यांच्यात अहंकार रुजेल. तसंच झालं. ‘मी जगलो पाहिजे’ असं वाटू लागलं त्या दिवशी ते हरले. मग जन्मामागून जन्म, काश्मीरच्या आटत्या तळ्यातले मासेसुद्धा. शेवटी वसिष्ठ रामाला भविष्य सांगतात: काश्मीरात अधिष्ठान नावाचं नगर असेल, तिथे यशस्करदेव राजा असेल. व्याल शिखरावरच्या वाड्याच्या भिंतीतल्या फटीत चिमणी होईल, दाम खांबाच्या भोकात डास, आणि कट रत्नावली विहारात नरसिंह नावाच्या मंत्र्यापाशी पाळलेला क्रकर पक्षी. मंत्री एके दिवशी दाम-व्याल-कटांची कथा म्हणून दाखवेल. तिघांना आपलीच गोष्ट ऐकू येईल आणि तिघं सुटतील.

उठा, शिखरावर चढा. वाड्याच्या भिंतीत चिमणी आहे. विहारात मंत्री श्लोक म्हणतो आहे आणि पिंजऱ्यातला पक्षी मान तिरकी करून थांबला आहे. त्या श्लोकांत हा मंत्री आहे, हा पिंजरा आहे, हे शहर आहे. तुम्ही ग्रंथाबाहेर कुठे उभे आहात, हे आता सांगता येईल का? जर्मनीतल्या हाले इथले संस्कृतपंडित वाल्टर स्लाये यांनी ग्रंथाचा काळ ठरवताना याच यशस्करदेवाचा धागा हाती धरला. पण तो राजा पोथीत आला तो कालनिर्णयासाठी नाही. वाचणाऱ्याला गोष्ट ‘त्यांची’ वाटू नये, म्हणून आला, असं माझं ठाम मत आहे.

आणि तसं घडतं, याला साक्षीदार आहे. सातशे वर्षं पुढे, १६५६ सालात या. शाहजहानच्या थोरल्या मुलानं, दारा शुकोहनं, योगवासिष्ठाचं एक फारसी रूप नुकतंच वाचलं आहे. मग त्याला स्वप्न पडतं. वसिष्ठ त्याच्या पाठीवरून हात फिरवतात आणि रामाला म्हणतात, याला मिठी मार. राम मिठी मारतो, वसिष्ठांनी दिलेली मिठाई त्याला भरवतो. दारानं करवून घेतलेल्या नव्या भाषांतराच्या प्रस्तावनेत हे सगळं लिहिलेलं आहे. तीन वर्षांनी, १६५९ मध्ये, औरंगजेबानं त्याला मारवलं.

तुम्हाला आत जायचं असेल तर पहिल्या वैराग्य प्रकरणात अडकून पडू नका. ते सुंदर आहे, पण तिथे अजून दार बंद आहे. सरळ तिसरं, उत्पत्ती प्रकरण काढा. लीला तिथे भेटते. तिचं बोट धरून चौथ्यात, स्थिती प्रकरणात या, आणि नरसिंह मंत्री बोलू लागला की मोठ्यानं वाचा, घरातल्या माणसांना ऐकू जाईल असं.