मग्दालाची स्वारी : लढाई कोणाची, खर्च कोणाचा?

इंग्रजी साम्राज्याची समुद्रापलीकडील युद्धनीति कशाच्या बळावर चालत होती हें समजून घ्यावयाचें असेल, तर वॉटर्लूच्या रणांगणापेक्षां १८६८ सालची ॲबिसीनियावरील स्वारी अधिक बोलकी आहे. जुन्या मराठींत ज्याला हबसाण म्हणत आणि आज जो इथिओपिया या नांवानें ओळखला जातो, तोच हा देश. या स्वारींत मैदानावरील खरी लढाई झाली ती एका दुपारीं, थोड्या तासांपुरती. बाकीचे महिने गेले ते पाणी, चारा आणि ओझीं यांच्या विवंचनेंत. लढाईचा धूर विरल्यावर जो वाद उरला, तो हिशेबाचा होता.

स्वारीचें मूळ एका न दिलेल्या उत्तरांत होतें. १८५५ त सिंहासनावर आलेल्या तेवोद्रोस बादशहानें फुटीर सरदारांना नमवून देश एका छत्राखालीं आणण्याची खटपट चालविली होती. १८६२ त त्यानें राणी व्हिक्टोरियाला स्नेहाचें पत्र पाठविलें. लंडनच्या परराष्ट्र कचेरींत तें तसेंच पडून राहिलें. हा आपला उपमर्द आहे असें समजून १८६४ च्या आरंभीं त्यानें इंग्रज वकील कॅमेरॉन याला कैदेंत टाकलें. त्याच्या सुटकेसाठीं गेलेला होर्मुझ्द रस्साम हाहि १८६६ त त्याच कैदेंत पडला. पत्राला उत्तर देण्याची ज्यांना सवड झाली नाहीं, त्यांनीं १८६७ च्या ऑगस्टांत सैन्य धाडण्याचा निश्चय केला.

सैन्य न्यावयाचें कोठून? सुएझचा कालवा १८६९ त खुला झाला. तोंवर इंग्लंडहून निघालेल्या जहाजाला सगळ्या आफ्रिकेला वळसा घालणें भाग होतें. मुंबईहून मात्र एडनवरून सरळ तांबड्या समुद्रांत शिरतां येई. म्हणून हें काम मुंबईकडे आलें आणि मुंबईच्या फौजेचे सरसेनापति सर रॉबर्ट नेपियर यांची नेमणूक झाली. नेपियर हे मूळचे इंजिनिअर. किनाऱ्यापासून मग्दालाच्या किल्ल्यापर्यंतचा सुमारें चारशें मैलांचा डोंगराळ मुलूख हाच आपला खरा प्रतिपक्षी, हें त्यांनीं ओळखलें. सुमारें १३,००० लढवय्ये, त्यांत युरोपियन अवघे चार हजार व बाकीचे हिंदी; त्यांच्या दुपटीनें हमाल, चाकर व बाजारबुणगे; हजारों खेचरें व उंट; आणि तोफा वाहण्यासाठीं हिंदुस्थानांतून जहाजांवर चढविलेले ४४ हत्ती, असा हा पसारा होता.

सैन्य उतरलें तो झुला येथील किनारा अगदीं उजाड. गोडें पाणी जवळजवळ नाहींच. तेव्हां समुद्राचें पाणी आटवून त्याच्या वाफेपासून पिण्याचें पाणी करावें लागे. धक्के बांधले गेले, डोंगराच्या पायथ्याकडे दहा-बारा मैलांची आगगाडी टाकली गेली. निरनिराळ्या देशांतून आणलेलीं खेचरें आलीं खरीं, पण त्यांना हांकणारे जाणते लोक पुरेसे नव्हते. पुष्कळ जनावरें तहानेनें व रोगानें किनाऱ्यावरच मेलीं. वाटेंतील लोक ऑस्ट्रियाची राणी मारिया थेरेसा हिची छाप असलेल्या चांदीच्या नाण्यावरच विश्वास ठेवीत. म्हणून तीं नाणीं मुद्दाम व्हिएन्नाहून मागविलीं गेलीं. धान्य व चारा लुटून न घेतां रोख पैसा मोजून घेण्याचें धोरण नेपियरनीं ठेवलें, आणि तिग्रे प्रांताचा सरदार कासा याच्याशीं सलूख करून आपली पिछाडी निर्धास्त केली.

१० एप्रिल १८६८ रोजीं मग्दालाखालील आरोगे येथें गांठ पडली. गोऱ्या पलटणींच्या हातीं मागून भरावयाची नवी स्नायडर बंदूक होती. हिंदी शिपायांकडे मात्र तोंडानें भरावयाच्या जुन्या बंदुका. १८५७ नंतर त्यांना गोऱ्यांच्या तोडीचें हत्यार द्यावयाचें नाहीं, असा दंडकच पडला होता. तेवोद्रोसचे सुमारें सातशें लोक पडले. नेपियरच्या बाजूस जखमी झालेल्या वीस जणांपैकीं दोघे मरण पावले. पुढील दोन दिवसांत बादशहानें कैदी सोडून दिले. स्वारीचा हेतु सफळ झाला होता. तरीहि १३ तारखेस किल्ल्यावर हल्ला झालाच. शत्रूच्या हातीं लागण्यापेक्षां तेवोद्रोसनें पिस्तूल झाडून घेतलें. तें पिस्तूल राणी व्हिक्टोरियानेंच त्याला भेट दिलेलें होतें. किल्ला जाळला गेला, हस्तलिखित ग्रंथांच्या राशी विलायतेस गेल्या. बादशहाचा सात वर्षांचा मुलगा अलेमायेहू यालाहि इंग्लंडास नेण्यांत आलें; १८७९ त वयाच्या अठराव्या वर्षीं तो तेथेंच वारला.

आतां हिशेबाची गोष्ट. पार्लमेंटनें आरंभीं वीस लाख पौंड मंजूर केले होते. अखेरचा आंकडा नव्वद लाखांच्या घरांत गेला. ज्यादा खर्च इंग्लंडनें सोसला, पण हिंदी पलटणींचा नेहमींचा पगार हिंदुस्थानच्या तिजोरींतूनच द्यावा, असें ठरलें. शिपाई तर रिकामेच होते, त्यांचा पगार कसाहि द्यावाच लागला असता, हा त्यामागचा युक्तिवाद. यावर दादाभाई नौरोजी यांनीं नोव्हेंबर १८६७ मध्यें लंडनच्या ईस्ट इंडिया असोसिएशनपुढें निबंध वाचून हरकत घेतली. त्याच महिन्यांत पार्लमेंटांत लॉर्ड क्रॅनबोर्न यांनीं, हिंदुस्थान म्हणजे हवे तितके शिपाई फुकट उचलण्याची पूर्वसमुद्रांतील इंग्रजांची बराक नव्हे, असें बजाविलें. पुढें सॅलिसबरी या नांवानें इंग्लंडचे मुख्य प्रधान झालेले गृहस्थ ते हेच. ओरिसांत १८६६ च्या दुष्काळानें सुमारें दहा लक्ष माणसें मेलीं होतीं, ही गोष्ट ताजी होती. तरीहि ठराव मंजूर झाला.

पुढें १८८२ त इजिप्तला आणि १८९६ त सुआकिनला हिंदी पलटणी गेल्या, तेव्हांहि हाच कित्ता गिरविण्यांत आला. १८९७ त वेल्बी कमिशनपुढें डेक्कन सभेच्या वतीनें साक्ष देतांना गोपाळ कृष्ण गोखले यांना लष्करी खर्चाच्या याच भारावर बोट ठेवावें लागलें. नवल असें कीं, मग्दालाचा दुसरा धडाहि साम्राज्य विसरलें. पहिल्या महायुद्धांत इराकांत उतरलेल्या फौजेला पुरेशा नौका, पुरेसे दवाखाने मिळाले नाहींत. २९ एप्रिल १९१६ रोजीं कूट येथें जी फौज शरण गेली, तींत मराठा पलटणीहि होत्या. नेपियरनीं ओझ्यांवर पाण्यासारखा पैसा खर्चून माणसें वांचविलीं. इराकांत पैसा वांचविला आणि माणसें गेलीं.

नेपियर यांना 'बॅरन नेपियर ऑफ मग्दाला' असा किताब मिळाला. किल्ल्याचें नांव सेनापतीच्या नांवाला कायमचें जोडलें गेलें. किल्ल्यापर्यंत चालत गेलेल्या हिंदी शिपायाचा पगार मात्र हिंदुस्थानच्या रयतेच्या नांवेंच मांडलेला राहिला.